लंडन ते सिडनी, व्हाया मुंबई!

इंद्रलोकहून निघालेली रिक्षा गोल्डन नेस्टला ट्रॅफिकमध्ये अडकली, की आपली चिडचिड सुरू होते. आता इमॅजिन करा, जीपीएस नाही, मोबाइल नाही आणि लंडनहून गाडी चालवत थेट मुंबई गाठायचीय! १९६८ मध्ये हे खरंच घडलंय.

‘लंडन-सिडनी मॅरेथॉन’ हे त्या रॅलीचं नाव. आज आपण रीलवर जी डाकार रॅली बघतो, ती सुरू व्हायला तेव्हा अजून दहा वर्षं होती. २४ नोव्हेंबरला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसहून ९८ गाड्या सुटल्या. पॅरिस, इस्तंबूल, तेहरान, काबूल, दिल्ली आणि मग आपली मुंबई!

खरी कसोटी होती तेहरान ते काबूल. अंतर सुमारे २,४०० किलोमीटर आणि वेळ २४ तासांहूनही कमी. उत्तरेच्या डोंगरातून जायचं की दक्षिणेला वाळवंटाच्या कडेने, हे ज्याचं त्याने ठरवायचं. मुंबईहून ७२ गाड्या ‘चुसान’ जहाजावर चढल्या. बाकीच्या त्याआधीच गारद! इथे पहिला होता फोर्ड कॉर्टिनावाला रॉजर क्लार्क. पण ऑस्ट्रेलियाच्या रखरखीत रस्त्यांवर त्याच्या गाडीने दगा दिला आणि तो मागे पडला.

शेवटच्या टप्प्यात लुसियाँ बियांकी आणि त्याचा जोडीदार ओजिए यांची सित्रोएन सगळ्यांच्या पुढे होती. सिडनी अगदी हाकेच्या अंतरावर आणि समोरून आलेल्या गाडीशी जोरदार टक्कर झाली! बियांकी गंभीर जखमी झाला. मागून येत होता पॅडी हॉपकर्क. जिंकायचा चान्स त्यालाही होता, पण तो मदतीला थांबला. घड्याळ मात्र कुणासाठी थांबत नाही. अँड्र्यू काउअन जिंकला, हॉपकर्क दुसरा आला. सिडनी गाठली फक्त ५६ गाड्यांनी.

काउअनची हिलमन हंटर म्हणजे काही रॉकेट नव्हतं. चार माणसांचं कुटुंब फिरायला नेईल अशी साधी गाडी. पण ती न कुरकुरता शेवटपर्यंत चालली. वाळवंटी रॅलीत नुसता स्पीड कामाचा नाही; गाडी टिकवावी लागते. आणि ब्रेक कधी मारायचा, हे हॉपकर्ककडून शिकावं.

तुमचे आजी-आजोबा तेव्हा मुंबईत होते का? मग विचारून बघा, डिसेंबर १९६८ मधल्या त्या धुळीने माखलेल्या परदेशी गाड्या त्यांना आठवतायत का!