डेम्लो संख्या आणि यंत्राचं गणित

१११११११११ चा वर्ग हातानं करून पाहा. १२३४५६७८९८७६५४३२१ येतो. डावीकडून वाचा की उजवीकडून, एकच. दत्तात्रेय रामचंद्र कापरेकर अशा संख्यांना ‘डेम्लो’ म्हणत. डोंबिवली स्टेशनाचं हे जुनं नाव, आणि कल्पना तिथंच सुचलेली. कापरेकर डहाणूचे, जन्म १९०५. फर्ग्युसन कॉलेजमध्ये असताना १९२७ साली रँग्लर परांजपे पारितोषिक मिळवलं आणि १९३० ते १९६२ देवळालीच्या शाळेत मास्तरकी केली. मला वर्षानुवर्षं नाद आहे तो त्यांच्या संख्या संगणकाला घालून पाहण्याचा.

वरचाच वर्ग जावा या संगणकीय भाषेत ‘इंट’ या पूर्णांकाच्या प्रकारात करा. उत्तर येतं १६५३७३२५२९. चूक झाल्याची सूचना नाही, प्रोग्राम सुखेनैव पुढे चालू. ‘इंट’ला ३२ बिटं, त्यात न मावलेला वरचा भाग यंत्र टाकून देतं. जावास्क्रिप्टमध्ये १२३४५६७८९८७६५४३२० दिसतं: शेवटचा १ गेला. एक्सेल पंधरा अंकांपुढे शून्यं भरतं, म्हणजे शेवट ३०० वर. पायथन मात्र सगळे अंक चोख देतो. गणित एक, उत्तरं चार.

जावास्क्रिप्टमधला तो १ नेमका कुठे जातो? तिथली साधी संख्या ६४ बिटांची, पण अंकांसाठी ५३ च बिटं. म्हणून ९००७१९९२५४७४०९९२ च्या पुढे, त्याच्या दुपटीपर्यंत, फक्त सम संख्या मावतात. आपला वर्ग विषम. तो शेजारच्या समावर ढकलला जातो. कापरेकर संख्येवर तर हा घाव वर्मी बसतो. ९९९९९९९९ चा वर्ग ९९९९९९९८०००००००१. कापरेकर संख्येचा वर्ग मधून तोडून दोन्ही भाग मिळवले की मूळ संख्या परत यायला हवी. जावास्क्रिप्टमध्ये ९९९९९९९८ येते. संख्या कापरेकरांची, पण यंत्र तिला नापास करतं.

ही ५३ बिटंसुद्धा भांडून मिळालेली आहेत. १९७० च्या दशकात प्रत्येक संगणक कंपनीचं अपूर्णांकांचं गणित वेगळं होतं. तुलना करताना शून्य नसलेली संख्या गुणाकारात शून्य ठरावी, अशी यंत्रं होती. विल्यम कॅहन यांनी इंटेलच्या ८०८७ चिपच्या निमित्तानं नियमांचा आराखडा मांडला. अतिसूक्ष्म संख्या एकदम शून्य न करता हळूहळू झिजवाव्यात, या कलमावर डेक ही संगणक कंपनी अडून बसली. तिनं तज्ज्ञ जी. डब्ल्यू. स्ट्युअर्ट यांना तपासणीला बसवलं, तर त्यांनी कौल कॅहनच्या बाजूनं दिला. १९८५ साली आयईईई ७५४ हे मानक झालं.

मानकानं यंत्रांची भाषा एक केली. न मावणारी संख्या मावेल, असं वचन त्यात नव्हतंच. ते काम भाषा बनवणाऱ्यांचं. जावात २०१४ पासून ‘मल्टिप्लाय एक्झॅक्ट’ आहे: उत्तर मावलं नाही की प्रोग्राम तिथंच थांबतो. माझ्या मते हीच वागणूक मुळातली हवी होती, आणि मुकाट्यानं चुकण्याची सोय मागून घ्यावी लागायला हवी होती.

शिक्षकांना विनंती: मुलांकडून १११११११११ चा वर्ग आधी वहीत आणि मग मोबाइलवर करून घ्या.