कोयत्याचा वार आणि जामिनाचा अर्ज

भीमेच्या दोन तीरांवरच्या शिरूर आणि दौंड तालुक्यांत बांधावरून किंवा उसाच्या पाण्यावरून भांडण पेटले, की ते जामिनाच्या अर्जापर्यंत पोहोचते. आणि अर्जाचे भवितव्य पुष्कळदा वैद्यकीय अधिकाऱ्याच्या दुखापत प्रमाणपत्रावर ठरते. 1 जुलै 2024 पासून लागू असलेल्या भारतीय न्याय संहितेनुसार नुसत्या बुक्कीने हाड मोडले, तर कलम 117 खालील तो गुन्हा जामीनपात्र, म्हणजे जामीन हा आरोपीचा हक्कच ठरतो. तेच हाड कोयत्याने मोडले, तर कलम 118 लागून तो अजामीनपात्र होतो आणि जन्मठेपेपर्यंतची शिक्षा संभवत असल्याने, आरोप सकृद्दर्शनी पटण्याजोगा असल्यास, प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्याचे हात बऱ्याच अंशी बांधले जातात.

मग अर्ज सत्र न्यायालयात जातो. तेथे वार डोक्यावर की पायावर, हत्यार जप्त झाले की नाही, आरोपी सराईत आहे का आणि फिर्यादी त्याच गावचा असल्याने साक्षीदारांवर दबाव येईल का, हे पाहिले जाते; म्हणूनच तालुक्यात पाऊल न ठेवण्याची अट अनेकदा घातली जाते. तपास 90 दिवसांत संपून दोषारोपपत्र दाखल झाले नाही, तर मात्र प्रकरण कितीही गंभीर असले, तरी आरोपीने मागताच जामीन द्यावा लागतो.

रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीतील परप्रांतीय कामगाराची अडचण वेगळीच, कारण त्याला स्थानिक जामीनदार सहजी मिळत नाही. जामीनदार परजिल्ह्यातला आहे एवढ्यावरून त्याला नाकारता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1978 मध्येच मोतीराम खटल्यात बजावले आहे.