नेमणूक रद्द होते ती फक्त शिक्षकाचीच!

एखाद्या शिक्षकाची पात्रता नियमबाह्य ठरते, त्याची नेमणूक रद्द होते आणि पेपरात चार ओळींची बातमी येते. वाचणारा म्हणतो, बरे झाले, बोगस मास्तर गेला. पण त्याला नेमले कोणी? कागद तपासले कोणी? मान्यतेवर सही कोणाची? हे प्रश्न त्या चार ओळींत कधीच नसतात.

ठाणे पूर्वेच्या कोपरीपासून कल्याण-डोंबिवलीपर्यंत ज्या कष्टकऱ्यांची मुले महापालिकेच्या आणि अनुदानित शाळांत शिकतात, त्यांनी हे प्रश्न विचारलेच पाहिजेत. पैसेवाल्याच्या मुलाला शिक्षक कच्चा मिळाला तर त्याला क्लास आहे. आपल्या मुलाला शाळेशिवाय दुसरे काय आहे? म्हणून अपात्र शिक्षकाची पाठराखण आपण करू शकत नाही. शासकीय विधी महाविद्यालयाचे प्राचार्यपद भूषविणाऱ्या आणि १९४५ मध्ये पीपल्स एज्युकेशन सोसायटी उभारणाऱ्या बाबासाहेबांचे अनुयायी पात्रतेला घाबरत नाहीत.

मात्र सगळ्या अपात्रांना एकाच मापाने मोजणे हा न्याय नव्हे. २०१९-२० च्या शिक्षक पात्रता परीक्षेत पैसे घेऊन गुण वाढविल्याचे उघड झाले. डिसेंबर २०२१ मध्ये राज्य परीक्षा परिषदेचे तत्कालीन आयुक्त तुकाराम सुपे यांनाच अटक झाली. ऑगस्ट २०२२ मध्ये ७ हजार ८०० हून अधिक उमेदवारांवर परिषदेने कारवाई केली. ज्याने गुण विकत घेतले त्याने अभ्यास करणाऱ्या गरिबाची जागा चोरली. त्याच्यासाठी अश्रू ढाळण्याचे कारण नाही.

दुसरा शिक्षक वेगळा आहे. नेमणुकीच्या दिवशी तो पात्रच होता, नियम नंतर आला. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जुन्या शिक्षकांनाही टीईटी बंधनकारक ठरवली. ज्यांची सेवा पाच वर्षांपेक्षा जास्त उरली त्यांना दोन वर्षांची मुदत दिली. पण ही परीक्षा वेळेवर घेणे कोणाचे काम होते? महाराष्ट्रात नोव्हेंबर २०२१ नंतर ती थेट नोव्हेंबर २०२४ मध्ये झाली. तीन वर्षे परीक्षाच न घेणारे सरकार शिक्षकाला विचारते, तू पास का झाला नाहीस?

तिसरा शिक्षक संस्थाचालकाचा बळी आहे. खासगी शाळा कर्मचाऱ्यांच्या १९७७ च्या कायद्यातील कलम ५ नुसार रिक्त जागेवर पात्र व्यक्ती नेमण्याची जबाबदारी व्यवस्थापनाची आहे. तरीही देणगी घेऊन, बिंदुनामावली बाजूला सारून माणूस भरला जातो. प्रकरण अंगाशी आले की शिक्षक घरी जातो आणि संस्थाचालक पुढच्या देणगीदाराची वाट पाहतो.

आता दुसरी बाजू बघा. खोट्या जातदाखल्यावर मिळविलेल्या नोकरीला संरक्षण नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ६ जुलै २०१७ रोजी जगदीश बहिरा प्रकरणात स्पष्ट केले. त्यानंतर राज्य सरकारने काय केले? २१ डिसेंबर २०१९ चा शासन निर्णय काढून जमातीचा दावा अवैध ठरलेल्यांना अधिसंख्य पदांवर सांभाळून घेतले. ज्यांनी खऱ्या आदिवासींची जागा अडवली त्यांच्यासाठी सरकारला माणुसकी आठवते. परीक्षाच न मिळालेल्या शिक्षकाच्या वेळी मात्र नियम आठवतात. ही कोणती समता?

म्हणून मागणी सरळ असावी. नेमणूक रद्द करण्यापूर्वी शिक्षकाला नोटीस आणि सुनावणी मिळालीच पाहिजे. खासगी शाळेतून काढलेल्या शिक्षकाने कलम ९ खाली तीस दिवसांच्या आत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करावे, घरी रडत बसू नये. जाणूनबुजून अपात्र माणूस नेमणाऱ्या संस्थेकडून आणि डोळे मिटून मान्यता देणाऱ्या अधिकाऱ्याकडून त्या पगाराची वसुली व्हावी. आणि मोकळी झालेली जागा बिंदुनामावलीप्रमाणे ताबडतोब भरावी. बोगस शिक्षक गेला आणि वर्ग वर्षभर रिकामा राहिला, तर शिक्षा शेवटी मुलालाच झाली.

पालकांनो, शाळेत जा. आपल्या मुलाच्या वर्गाला शिक्षक आहे का आणि तो पात्र आहे का, हे विचारा. उत्तर मिळाले नाही तर माहितीच्या अधिकारात अर्ज टाका. प्रश्न विचारणारा पालक दारात उभा राहिला, तरच खुर्चीतला माणूस सही करताना दोनदा विचार करील.