फरक किती? आधी तारीख सांगा

‘भारत आणि अमेरिका यांच्यात साडेनऊ तासांचा फरक आहे’ हे वाक्य पुण्या-नागपुरातल्या अनेक घरांत पाठ असतं. मुलगी न्यू जर्सीत असते, नातवंडांशी व्हिडिओ कॉलची वेळ ठरलेली असते, आणि पुणे ते नाशिक अंतर जसं आज आहे तसंच उद्या राहणार, तसा हा आकडाही कायमचा धरला जातो. मग मार्चमध्ये किंवा नोव्हेंबरमध्ये एका रविवारी कॉल चुकतो आणि कुणीतरी म्हणतं, ‘त्यांनी घड्याळं बदलली.’ गोष्ट तिथेच संपते, पण मुळातला गैरसमज तसाच राहतो. वेळेतला फरक हा त्या दोन ठिकाणांना कायमचा चिकटलेला नसतो. त्या विशिष्ट दिवशी दोन्हीकडे जे नियम लागू असतात, त्यांच्यातला तो फरक असतो. हे नियम सरकारं करतात आणि सरकारंच बदलतात. म्हणून तारीख कळल्याशिवाय ‘फरक किती?’ या प्रश्नाचं बरोबर उत्तर देता येत नाही.

या गैरसमजाचं मूळ बहुधा शाळेतल्या भूगोलात असावं. पृथ्वी एका तासात 15 रेखांश फिरते, एका रेखांशाला चार मिनिटं, आणि या हिशेबावर आपण सगळ्यांनी उदाहरणं सोडवलेली असतात. सूर्याच्या बाबतीत हा हिशेब अचूक आहे. घड्याळ मात्र कायद्याने चालतं. चीन साधारण 73 ते 135 पूर्व रेखांशांमध्ये पसरला आहे. सूर्याच्या हिशेबाने तिथे चार तासांहून जास्त फरक पडतो. तरीही 1949 पासून संपूर्ण देशात एकच वेळ आहे, त्यामुळे पश्चिम टोकाच्या काशगरमध्ये सूर्य डोक्यावर येतो तेव्हा सरकारी घड्याळात दुपारचे जवळजवळ तीन वाजलेले असतात. नेपाळने 1986 मध्ये आपली वेळ जागतिक प्रमाणवेळेच्या, म्हणजे यूटीसीच्या, पावणेसहा तास पुढे नेऊन ठेवली. त्याआधी ती आपल्याइतकीच साडेपाच तास पुढे होती. 1884 च्या वॉशिंग्टन परिषदेने जगाची 24 पट्ट्यांत वाटणी केली असं सर्रास सांगितलं जातं, पण तेही खरं नाही. त्या परिषदेने ग्रिनिच हा मूळ रेखांश ठरवला. कुठल्या देशाने कुठली वेळ पाळायची, हे पुढच्या अनेक दशकांत ज्या त्या देशाने आपापल्या सोयीने ठरवलं.

याचा सगळ्यात बोलका पुरावा मुंबईचाच आहे. 82 अंश 30 मिनिटं पूर्व या रेखांशावरची भारतीय प्रमाणवेळ 1 जानेवारी 1906 पासून लागू झाली. मुंबईत तिला कडाडून विरोध झाला. शहराची स्थानिक वेळ या प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे होती, आणि ती ‘बॉम्बे टाइम’ म्हणून 1955 पर्यंत वापरात राहिली. कोलकात्यानेही आपली वेगळी वेळ 1948 पर्यंत जपली. म्हणजे कित्येक वर्षं एकाच मुंबईत ‘किती वाजले?’ या प्रश्नाला दोन उत्तरं होती आणि दोन्ही बरोबर होती. रेखांश तेव्हा होता तिथेच आजही आहे; बदलला तो फक्त निर्णय. त्यात दुसऱ्या महायुद्धात, 1 सप्टेंबर 1942 ते 15 ऑक्टोबर 1945 या काळात, भारताची प्रमाणवेळ आणखी एक तास पुढे नेण्यात आली होती. त्या वर्षांत जन्मलेल्या माणसाची जुन्या वहीतली जन्मवेळ आजच्या प्रमाणवेळेत आणायची, तर ती कोणत्या घड्याळाने लिहिली होती हे आधी शोधावं लागतं. नुसत्या आकड्याने काम होत नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे, म्हणजे उन्हाळी वेळेकडे. अमेरिकेत 2007 पासून घड्याळं मार्चच्या दुसऱ्या रविवारी एक तास पुढे आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी एक तास मागे होतात. ब्रिटन आणि युरोपीय संघात हेच बदल मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी होतात. भारताचं घड्याळ हलत नाही. तरीही आपला दिनक्रम हलतो, कारण फरकाला दोन टोकं असतात आणि एक टोक सरकलं तरी फरक बदलतो. 2026 चा मार्च घेऊ. पुण्यातल्या एका कंपनीची दर मंगळवारी रात्री नऊला लंडन आणि न्यू यॉर्कबरोबर मीटिंग आहे असं समजा. 3 मार्चला पुण्यात नऊ वाजतात तेव्हा लंडनमध्ये दुपारचे साडेतीन आणि न्यू यॉर्कमध्ये सकाळचे साडेदहा वाजलेले असतात. 8 मार्चला अमेरिकेची घड्याळं पुढे जातात, म्हणून 10 तारखेला लंडन साडेतीनवरच राहतं, पण न्यू यॉर्कमध्ये साडेअकरा वाजतात. 29 मार्चला ब्रिटनचीही घड्याळं पुढे सरकतात आणि 31 तारखेला लंडनमध्ये साडेचार, न्यू यॉर्कमध्ये साडेअकरा. एका महिन्यात, एकाच मीटिंगच्या तीन वेगवेगळ्या मांडण्या झाल्या. लंडन आणि न्यू यॉर्क यांच्यातला ‘कायमचा’ पाच तासांचा फरकसुद्धा मधले तीन आठवडे चारच तासांचा होता.

यावर एक रास्त आक्षेप येतो: मग दोन आकडे लक्षात ठेवू, उन्हाळ्याचा एक आणि हिवाळ्याचा एक. न्यू यॉर्कसाठी साडेनऊ आणि साडेदहा, लंडनसाठी साडेचार आणि साडेपाच. हे एका आकड्यापेक्षा नक्कीच बरं, आणि रोजच्या गप्पांना पुरतंही. पण जग थोडं रुंद केलं की ही युक्ती उसवते. अमेरिकेतच ॲरिझोना राज्याचा बहुतांश भाग आणि हवाई घड्याळं बदलत नाहीत. ऑस्ट्रेलियात ऋतू उलटे, म्हणून सिडनीची घड्याळं ऑक्टोबरच्या पहिल्या रविवारी पुढे आणि एप्रिलच्या पहिल्या रविवारी मागे येतात. त्याच देशातलं ब्रिस्बेन वर्षभर तसंच राहतं. इस्राएलमध्ये मराठी बोलणारी बेने इस्राएल मंडळी आहेत. तिथली घड्याळं युरोपच्या दोन दिवस आधी, मार्चच्या शेवटच्या रविवारच्या आदल्या शुक्रवारी, पुढे होतात. मराठी कुटुंबांची वस्ती असलेल्या मॉरिशसमध्ये हा प्रकारच नाही. ते वर्षभर आपल्या दीड तास मागे. इराण आणि मेक्सिको यांनी 2022 मध्ये उन्हाळी वेळ बहुतेक सगळीकडून काढून टाकली, इजिप्तने 2023 मध्ये ती पुन्हा आणली. पाठांतर करायचं तर ही यादी दरवर्षी नव्याने पाठ करावी लागेल.

आपल्याकडची एक लोकप्रिय युक्ती इथे तपासून पाहण्यासारखी आहे. हातातलं काट्यांचं घड्याळ उलटं धरलं की लंडनची वेळ दिसते, असं सांगतात. करून पाहा. दुपारी बरोबर तीन वाजता घड्याळ उलटं केलं की तास काटा नऊच्या जागी जातो आणि मिनिट काटा सहाच्या जागी, म्हणजे साडेनऊ. तास काटा नऊ आणि दहाच्या मध्ये असायला हवा तो नेमका नऊवर दिसतो, तेवढी खोट सोडली तर उत्तर बरोबर. पण हे उत्तर ग्रिनिच वेळेचं आहे, आणि लंडन वर्षातले साधारण सात महिने ग्रिनिच वेळ पाळतच नाही. जूनमध्ये आपल्याकडे तीन वाजतात तेव्हा लंडनच्या भिंतीवरचं घड्याळ साडेदहा दाखवतं. ‘जीएमटी म्हणजे लंडनची वेळ’ हा समज अगदी मुरलेल्या प्रवाशांमध्येही आढळतो. तो फक्त हिवाळ्यापुरता खरा आहे.

असाच दुसरा समज असा, की सगळा घोळ भारताच्या अर्ध्या तासामुळे होतो आणि आपली वेळ पूर्ण तासांत असती तर प्रश्न सुटला असता. अर्धा तास इराण, अफगाणिस्तान, म्यानमार, कॅनडातलं न्यूफाउंडलंड आणि ऑस्ट्रेलियाचा मध्य भाग यांच्याकडेही आहे. तो बेरजेला थोडा अवघड, पण स्थिर आहे. चुका होतात त्या दुसऱ्या बाजूच्या हलत्या तासामुळे.

त्या हलत्या तासाने काय होतं ते एकदा जवळून पाहू. 2 नोव्हेंबर 2025, रविवार. न्यू यॉर्कमध्ये पहाटे दोन वाजता घड्याळं पुन्हा एकवर आणली गेली. म्हणजे त्या पहाटे दीड दोनदा वाजला: पहिला दीड भारतात सकाळी अकराला, दुसरा दुपारी बाराला. ‘न्यू यॉर्कमध्ये दीड वाजता’ एवढ्या माहितीवरून भारतातली वेळ कुणालाही, कुठल्याही यंत्राला, सांगता येणार नाही. मार्चमध्ये याच्या उलट घडतं. दोनला घड्याळ थेट तीनवर जातं आणि त्या तारखेला पहाटेचे अडीच वाजतच नाहीत. म्हणूनच ‘ईएसटी’, ‘सीएसटी’ अशी अक्षरं लिहून वेळ पक्की झाली असं समजू नये. ईएसटी ही न्यू यॉर्कची हिवाळी वेळ आहे, पण जुलैतल्या निमंत्रणांवरही ती बिनदिक्कत छापली जाते आणि अक्षरशः घेणारा माणूस तासभर उशिरा पोहोचतो. आपली ‘आयएसटी’ इस्राएल आणि आयर्लंडही वापरतात. शहराचं नाव लिहिलं की ही शंका राहत नाही.

‘हे सगळं फोन करतोच की’ हा आजचा सर्वांत वजनदार आक्षेप, आणि तो बराचसा खराही आहे. फोनच्या आत जगातल्या ठिकाणांचे जुने-नवे नियम तारखांसह नोंदलेली एक माहितीसूची असते. भारत तिच्यात ‘आशिया/कोलकाता’ या नावाने आहे. पण फोन नेमकं काय करतो ते पाहा: तो ठिकाण विचारतो, तारीख विचारतो, त्या दिवशीचा नियम काढतो, वेळ यूटीसीत नेतो आणि तिथून दुसऱ्या ठिकाणी उतरवतो. फरकाचा एकच आकडा तो कधीच धरून बसत नाही. मुख्य म्हणजे एक गोष्ट फोन ठरवू शकत नाही. दर आठवड्याच्या मीटिंगमध्ये कोणाचं घड्याळ प्रमाण? रात्री नऊ पुण्याचे पक्के, की सकाळचे साडेदहा न्यू यॉर्कचे? दोन्ही एकाच वेळी वर्षभर पक्के राहू शकत नाहीत. हे माणसांनीच ठरवायचं असतं, आणि बहुतेक ठिकाणी ते न ठरवताच निमंत्रण पाठवलं जातं.

काही जण याच्या पुढे जाऊन म्हणतात, सगळंच यूटीसीत लिहा, वादच नको. घडून गेलेल्या गोष्टींसाठी, विमानाच्या किंवा सर्व्हरच्या नोंदींसाठी हे उत्तम. पुढच्या भेटींसाठी मात्र तेही धोक्याचं, कारण मधल्या काळात नियमच बदलू शकतो. मार्च 2023 मध्ये लेबनॉनच्या सरकारने उन्हाळी वेळ रमजानच्या काळात पुढे ढकलण्याचा निर्णय अवघे काही दिवस आधी जाहीर केला. मॅरोनाइट चर्चसह अनेक संस्थांनी तो मानला नाही, आणि देशात काही दिवस दोन वेळा चालू राहिल्या. शेवटी सरकारने निर्णय मागे घेतला. बैरुतमधल्या डॉक्टरची सकाळी दहाची वेळ यूटीसीत बदलून ठेवणाऱ्याला त्या आठवड्यात चुकीचा तास मिळाला असता. ‘बैरुत, सकाळी दहा’ असं लिहून ठेवणारा नियम बदलल्यावर पुन्हा हिशेब करू शकला असता. युरोपीय संसदेनेही 2019 मध्ये घड्याळं बदलण्याची प्रथा बंद करण्याच्या बाजूने मत दिलं होतं, त्याची अंमलबजावणी झालेली नाही. कधी झालीच, तर आपले युरोपचे पाठ आकडे त्या दिवसापासून चुकतील.

तारखेचा आग्रह आणखी एका कारणासाठी. फरक मोजताना माणसं तास बरोबर मोजतात आणि दिवस चुकवतात. सोमवारी सकाळी आठला पुण्याहून लॉस एंजेलिसला ‘आज बोलू’ असा निरोप गेला, तर जानेवारीत तिथे रविवारचे संध्याकाळचे साडेसहा असतात. दोघांचे ‘आज’ वेगळे. पंचांगाच्या बाबतीत हा फरक फार महत्त्वाचा ठरतो. परदेशी राहणारे अनेक जण दाते पंचांगातली किंवा कालनिर्णयमधली तारीख जशीच्या तशी पाळतात, किंवा सगळ्या वेळांतून साडेदहा तास वजा करतात. तिथी संपण्याचा क्षण साऱ्या जगाला एकच असतो, म्हणून त्या क्षणाची वेळ अशी बदलून घेणं बरोबरच. सूर्योदय मात्र प्रत्येक गावाचा आपला. समजा हिवाळ्यात एखादी एकादशी भारतात 5 तारखेला सकाळी दहाला लागली आणि 6 तारखेला सकाळी आठला संपली. 6 च्या सूर्योदयाला ती इथे आहे, म्हणून उदयतिथीने उपास 6 ला. न्यू यॉर्कच्या घड्याळात तीच तिथी 4 तारखेच्या रात्री साडेअकराला लागते आणि 5 च्या रात्री साडेनऊला संपते. तिथे 5 च्या सूर्योदयाला एकादशी आहे आणि 6 ला नाही. तिथला उपास 5 तारखेला येतो, आणि तो पाहायला न्यू यॉर्कच्या सूर्योदयावर केलेलं पंचांगच घ्यावं लागतं.