ॲम्फिपॉड : पायांवरून पडलेलं नाव आणि सफाईचं काम

आजच्या व्याख्यानाला विषय म्हणून मी एकच शब्द घेतला आहे. ॲम्फिपॉड. पाठ्यपुस्तकात तो कवचधारी प्राण्यांच्या वर्गीकरणात एका ओळीत येतो आणि परीक्षेनंतर विसरला जातो. पण अधूनमधून हाच शब्द बातम्यांत येतो, आणि आला की बहुतेक वेळा चुकीच्या अर्थाने येतो. तेव्हा हा शब्द काय सांगतो, काय सांगत नाही, आणि तो चुकीचा वापरला तर कुणाचं काय बिघडतं, एवढं आज पाहू.

सुरुवात एका घटनेपासून करतो. ऑगस्ट २०१७. ऑस्ट्रेलियातल्या मेलबर्न शहराचा ब्राइटन किनारा. तिकडे तेव्हा हिवाळा असतो. फुटबॉल खेळून आलेला सोळा वर्षांचा एक मुलगा दुखरे पाय गार करायला समुद्रात उभा राहिला. साधारण अर्धा तास. बाहेर आला तर घोट्यांपासून खालचे पाय रक्ताने माखलेले. सुईने टोचावं तशा असंख्य बारीक जखमा होत्या, आणि पुसलं तरी रक्त लवकर थांबेना. पाणी इतकं थंड होतं की पाय बधिर झाले होते, त्यामुळे चावे त्याला जाणवलेच नाहीत. पुढे त्याच्या वडिलांनी त्याच जागी जाळ्यात मांस ठेवून ते प्राणी पकडले. मेलबर्नच्या संग्रहालयातल्या तज्ज्ञांनी ते पाहिले आणि सांगितलं, हे लायसियानॅसिड ॲम्फिपॉड आहेत. विषारी नाहीत. कायमची इजा करत नाहीत.

पण तोवर जगभरच्या बातम्यांत ‘समुद्री उवा’, ‘समुद्री पिसवा’, ‘मांसभक्षक किडे’ अशी नावं पसरली होती. आता ‘समुद्री ऊ’ या नावाचाच घोटाळा पाहा. नॉर्वे, स्कॉटलंड, चिली इथल्या सामन माशांच्या शेतीत ‘समुद्री ऊ’ म्हणजे माशाच्या अंगाला चिकटून राहणारा कॉपेपॉड, एक परजीवी. फ्लोरिडा आणि कॅरिबियन भागात पोहणाऱ्यांना ‘समुद्री उवा चावल्या’ असं म्हणतात, तेव्हा त्या असतात एका छोट्या जेलीफिशच्या अळ्या. पोहण्याच्या कपड्यांत अडकतात आणि अंगावर खाजरं पुरळ उठवतात. तिसरीकडे चावऱ्या आयसोपॉडांनाही हेच नाव आहे. आणि देवमाशाच्या कातडीवर राहणाऱ्या, कातडीच खाणाऱ्या प्राण्याला ‘व्हेल लाउस’ म्हणतात. तो मात्र खरोखर ॲम्फिपॉड आहे! यातली एकही खरी ऊ नाही. ऊ हा कीटक, त्याला सहा पाय. हे सगळे प्राणी ऊ नाहीतच, पण ते एकमेकांसारखेही नाहीत.

तुम्ही म्हणाल, नावाने काय होतं? होतं. जेलीफिशच्या अळ्यांचा त्रास असेल, तर अंगावरचे कपडे न काढता गोड्या पाण्याने अंघोळ केली की उरलेल्या डंखपेशी फुटतात आणि त्रास वाढतो. ॲम्फिपॉडच्या चाव्यात डंखपेशीही नाहीत आणि विषही नाही. तिथे जखम धुवायची, दाब देऊन रक्त थांबवायचं. दोन्हीला ‘समुद्री उवा’ म्हटलं, की डॉक्टरलाही आधी हेच विचारावं लागतं, की कुठल्या उवा?

म्हणून आता मूळ शब्दाकडे येऊ. ग्रीक भाषेत ‘ॲम्फि’ म्हणजे दोन्ही बाजूंचे, दोन्ही प्रकारचे. ‘पोडोस’ म्हणजे पायाचा. ‘ॲम्फिबियन’मध्येही हाच ‘ॲम्फि’ आहे, त्याला आपण उभयचर म्हणतो. त्यामुळे विद्यार्थ्यांचा हमखास समज होतो, की ॲम्फिपॉड म्हणजे पाण्यात आणि जमिनीवर दोन्हीकडे राहणारा. तसं नाही. इथे ‘उभय’ राहण्याच्या जागेला लागत नाही, पायांना लागतो. शब्दशः मराठी करायचं तर उभयपाद.

आता पाय पाहा. छातीच्या भागाला पायांच्या सात जोड्या. पहिल्या दोन जोड्या पकडण्यासाठी. पुढच्या दोन एका दिशेला वळलेल्या आणि शेवटच्या तीन उलट दिशेला. एकाच प्राण्याच्या अंगावर दोन दिशांचे पाय, म्हणून ॲम्फिपॉड. शेजारचा गट आयसोपॉड. ‘आयसो’ म्हणजे समान. याचे पाय साधारण एकसारखे, म्हणून समपाद. ओळखायची सोपी खूण सांगतो. ॲम्फिपॉड दोन्ही बाजूंनी दाबल्यासारखा, चपटा. आडवा ठेवला की कुशीवर पडतो. आयसोपॉड वरून खाली दाबलेला, पसरट. आणि आपल्या ताटातली कोळंबी, खेकडा, शेवंड हे तिसऱ्या गटातले, डेकॅपॉड, म्हणजे दशपाद. बारीक ॲम्फिपॉड पाहून कुणी ‘हा जवळाच’ म्हणेल. पण जवळा दशपादांतला आहे.

ॲम्फिपोडा हे गटाचं नाव १८१६ साली फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ लात्रेय यांनी दिलं. हे मूळचे धर्मगुरू. राज्यक्रांतीच्या काळात ते बोर्दोच्या तुरुंगात होते. तिथे कोठडीत त्यांना एक दुर्मीळ भुंगेरा सापडला. त्यावरून हा माणूस कोण आहे ते बाहेरच्या जाणकारांना कळलं, आणि त्यांची सुटका झाली. त्या भुंगेऱ्याचं शास्त्रीय नाव नेक्रोबिया. तोही मेलेल्या प्राण्यांवर जगणारा.

आता मुख्य मुद्दा. ॲम्फिपॉड हे नाव शरीरावरून पडलेलं आहे, धंद्यावरून नाही. या गटात सुमारे दहा हजार जाती आहेत. कुणी शेवाळ खातं, कुणी चिखलातला गाळ खातं, कुणी शिकार करतं, कुणी परजीवी आहे. मढी साफ करणं हा यांतल्या काहींचा धंदा, आणि त्यात आघाडीवर आहे लायसियानॅसिड कुळ आणि त्याच्या जवळची कुळं. गंमत म्हणजे या भीतिदायक ठरलेल्या कुळाला नाव मिळालं आहे ते लायसियानॅसा या ग्रीक पुराणातल्या समुद्रकन्येचं.

त्यांचं शरीर या कामासाठी बेतलेलं आहे. स्पृशांवर वास टिपणारे बारीक केस, त्यामुळे काळोखातही मेलेल्या माशाचा वास पाण्यातून येतो. धारदार कापता येईल असा जबडा. आणि ताणून मोठं होणारं आतडं. पुढचं जेवण कधी मिळेल याचा भरवसा नसल्यामुळे मिळालं की पोटभर घ्यायचं. आयसोपॉडांमध्येही असे उपाशी राहणारे आहेत. जपानच्या तोबा मत्स्यालयातल्या एका महाकाय आयसोपॉडने २००९च्या जानेवारीत खाल्लं आणि २०१४च्या फेब्रुवारीत मरेपर्यंत पुन्हा काही खाल्लं नाही. पाच वर्षांहून जास्त!

मराठीत अशा प्राण्यांना काय म्हणायचं? ‘मृतोपजीवी’ शब्द चटकन सुचतो. पण तो आपण बुरशीसाठी वापरतो, जी कुजणाऱ्या पदार्थातून अन्न शोषून घेते. ॲम्फिपॉड शोषत नाही, चावून खातो. म्हणून मी ‘मृतभक्षी’ म्हणतो. तरी हे व्रत नव्हे हेही लक्षात ठेवा. जाळ्यात अडकलेला, हलू न शकणारा जिवंत मासाही ते पोखरतात. थंड पाण्यात अर्धा तास स्थिर उभे असलेले दोन पाय त्यांना काय वाटले असतील, याचा अंदाज तुम्हीच करा. त्यांनी त्या मुलावर हल्ला केला म्हणणं चुकीचं आहे. जे हलत नाही त्याची विल्हेवाट लावायची, एवढंच त्यांना ठाऊक.

याचा माणसांशी आणखी एक संबंध आहे, थोडा जड आहे, पण सांगायला हवा. समुद्रात बुडालेल्या माणसाचं शव मिळतं, तेव्हा घरच्यांचा आणि पोलिसांचा पहिला प्रश्न असतो, हे घाव कसले? कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियात संशोधकांनी समुद्रतळावर मेलेली डुकरं ठेवून कॅमेऱ्याने पाहिलं. एका ठिकाणी, सुमारे ३०० मीटर खोलीवर, लायसियानॅसिड ॲम्फिपॉड प्रचंड संख्येने आले, आतून खात गेले आणि काही दिवसांतच हाडं उरली. दुसऱ्या ठिकाणी पाण्यात प्राणवायू कमी होता. तिथे हेच काम फार संथ चाललं. म्हणजे शवाच्या स्थितीवरून ‘इतके दिवस झाले’ असं एका नियमाने सांगता येत नाही. त्याच परिसरात २००७ पासून किनाऱ्यांवर बुटांसकट माणसांची पावलं सापडू लागली. खुनाच्या अफवा उठल्या. खरं कारण असं, की मृतभक्षी प्राणी सांध्यातला मऊ भाग खातात, घोटा सुटतो, आणि आजकालचे फोमचे हलके बूट तरंगत किनाऱ्याला लागतात. आपलं माणूस गेलेल्या घराला ‘कुणी कापलं नाही, समुद्राने सोडवलं’ हे सांगणारा कुणी असणं ही लहान गोष्ट नाही. त्यासाठी या प्राण्यांचं काम नेमकं माहीत असावं लागतं.

शेवटची जागा सर्वांत खोल. पॅसिफिक महासागरातली मारियाना गर्ता, जवळजवळ अकरा किलोमीटर. तिथेही आमिष लावलेला सापळा सोडला की हिरोंडेलिया गिगास नावाचे ॲम्फिपॉड भरून येतात. २०१७ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात त्यांच्या शरीरात पीसीबी ही रसायनं सापडली, ज्यांच्यावर जगात कित्येक वर्षांपासून बंदी आहे. २०२० साली त्याच गर्तेतल्या एका नव्या जातीचं नाव युरिथेनिस प्लास्टिकस ठेवलं, कारण तिच्या आतड्यात प्लास्टिकचा धागा निघाला. वरून जे जे मरून खाली पडतं ते हे खातात. त्या मढ्यांबरोबर आपला कचराही त्यांच्या पोटात जातो.

मग वापराचा नियम काय? गट सांगायचा असेल तर ‘ॲम्फिपॉड’ म्हणा. काम सांगायचं असेल तर ‘मृतभक्षी’ म्हणा. दोन्ही सांगायचं असेल तर ‘मृतभक्षी ॲम्फिपॉड’. एका शब्दाने दुसऱ्याचं काम करू नका. आणि बातमीत ‘समुद्री उवा’ वाचलं, की कुठला समुद्र आणि कुठला प्राणी, हे दोन प्रश्न विचारा.

व्याख्यानानंतर एका श्रोत्याने विचारलं, ‘मग कोकणच्या किनाऱ्यावर पाय भिजवायचे की नाही?’

जरूर भिजवा. किनाऱ्यावर वाहून आलेलं ओलं शेवाळ किंवा पाला उचलला की खालून टणाटण उडणारे छोटे जीव दिसतात ना? त्यांतले बरेचसे ॲम्फिपॉडच. कुजका पाला खाऊन किनारा साफ ठेवतात, माणसाला चावायला येत नाहीत. आपल्याकडे पावसाळ्यात जपायचं ते मुंबईच्या किनाऱ्यांवर येणाऱ्या ब्लूबॉटलला. लोक त्याला जेलीफिश म्हणतात. तोही जेलीफिश नाही, पण त्याविषयी पुन्हा कधीतरी बोलू.