ग्रॅम्ब्लिंगचे रॉबिन्सन

अमेरिकेत ‘फुटबॉल’ या नावाने ओळखला जाणारा खेळ लंबगोल चेंडू हातात घेऊन खेळला जातो. तेथील महाविद्यालयीन जीवनात या खेळाला मोठी प्रतिष्ठा आहे. परंतु दक्षिणेकडील राज्यांत ती दीर्घकाळ वर्णभेदाच्या कुंपणाआड होती.

लुइझियाना राज्यातील ग्रॅम्ब्लिंग येथील कृष्णवर्णीयांच्या महाविद्यालयात एडी रॉबिन्सन १९४१ साली प्रशिक्षक म्हणून रुजू झाले, तेव्हा ते बावीस वर्षांचे होते. मदतीला पगारी माणूस नव्हता. मैदानावरील गवत ते स्वतः कापीत, खेळाडूंच्या घोट्यांना पट्ट्या बांधीत आणि परगावच्या सामन्यांना जाताना शिदोरी बरोबर घेत. कारण वाटेवरील गोऱ्यांच्या उपाहारगृहांत त्यांना प्रवेश नसे. तरीही १९४२ च्या मोसमात एकाही प्रतिस्पर्धी संघाला त्यांच्याविरुद्ध एकही गुण मिळविता आला नाही. पुढे त्यांचे दोनशेहून अधिक शिष्य व्यावसायिक संघांत गेले.

१९८५ मध्ये रॉबिन्सन यांनी बेअर ब्रायंट यांचा ३२३ विजयांचा विक्रम मागे टाकला. ब्रायंट यांच्या अलाबामा विद्यापीठाच्या संघातून १९७१ पूर्वी एकही कृष्णवर्णीय खेळाडू सामन्यात उतरला नव्हता. ही दारे बंद होती, तोवर दक्षिणेतील अनेक गुणी मुले ग्रॅम्ब्लिंगकडे वळत. ती उघडताच संपन्न विद्यापीठे त्याच मुलांना शिष्यवृत्त्या देऊन नेऊ लागली. १९९७ साली ४०८ विजय नोंदवून रॉबिन्सन निवृत्त झाले. मात्र त्यांच्या अखेरच्या तीनही मोसमांत विजयांपेक्षा पराभवच अधिक झाले होते. समाजाने टाकलेल्या न्याय्य पावलाची किंमत त्यांच्या संघाला अशी मोजावी लागली.