तारामतीपासून आजीपर्यंत

१९१३ सालीं दादासाहेब फाळके यांनीं ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट काढला, तेव्हां तारामतीच्या भूमिकेसाठीं त्यांना एकहि स्त्री मिळाली नाहीं. अखेर साळुंके नांवाच्या एका तरुणास लुगडें नेसवून राणी करावें लागलें. याच कथेवर १९३२ सालीं प्रभात फिल्म कंपनीनें कोल्हापुरास ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट तयार केला आणि त्यांत तारामती झाली ती मुंबईच्या एका सुशिक्षित घरची सून. एकोणीस वर्षांत केवढें हें स्थित्यंतर! पण तें कोणाच्या जिवावर घडलें, हें आपल्या घरांतून फारसें बोललें जात नसे. चित्रपट सर्वांनीं पाहावा, नटीचा विषय मात्र माजघरांत काढूं नये, अशी रीत होती. आणि ही रीत पाळणारीं घरें तींच, कीं जीं बालगंधर्वांच्या शालूची तारीफ करतांना थकत नसत.

ती सून म्हणजे दुर्गाबाई खोटे. जन्म १४ जानेवारी १९०५ चा. माहेरचें नांव विटा लाड. शिक्षण इंग्रजी शाळेंत आणि पुढें सेंट झेवियर कॉलेजांत. लग्न झालें तें सधन खोटे घराण्यांत. परंतु सासरच्या सांपत्तिक स्थितीस ओहोटी लागली, आणि पदरीं दोन मुलगे. दुर्गाबाईंनीं प्रथम शिकवण्या धरल्या. मग १९३१ सालीं मोहन भवनानी यांच्या ‘फरेबी जाल’ या चित्रांत एक लहानशी भूमिका पत्करली. चित्र अगदींच सामान्य निघालें; जाहिरात मात्र बाईंच्या घराण्याच्या नांवाची झाली. नातेवाईक आणि ज्ञातिबांधव यांनीं जो गहजब केला, त्यापुढें दुसरी एखादी स्त्री कायमची घरांत बसली असती. तसें झालें नाहीं याचें श्रेय बाईंच्या धैर्याला आहेच, परंतु तें सुमार चित्र पाहूनहि त्यांतील गुण हेरणाऱ्या व्ही. शांताराम यांनाहि आहे.

‘अयोध्येचा राजा’ मराठींतील पहिल्या बोलपटांपैकीं. पार्श्वगायनाची युक्ति तेव्हां निघावयाची होती. नटीनें अभिनय करीत असतांनाच गावयाचें, वाजविणारे कॅमेऱ्याच्या टापूबाहेर लपून बसावयाचे, आणि एखादा सूर ढळला कीं सारें पुन्हां आरंभापासून. त्यांतून मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्या, म्हणजे तोच प्रसंग दोनदां वठवावयाचा. हरिश्चंद्र झाले होते गोविंदराव टेंबे. अशा गवयासमोर नवख्या बाईनें उभें राहावयाचें, ही कसोटी लहान नव्हे.

दुर्गाबाईंना ‘पहिली कुलीन नटी’ म्हणण्याचा प्रघात आहे. प्रस्तुत लेखकास तो रुचत नाहीं. दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई (पुढें गोखले) या दोघी १९१३ सालींच फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्यें आल्या होत्या, आणि त्याबद्दल त्यांना टाकलें गेलें. मूकपटांची राणी सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, ही बगदादी यहुदी कुळांतील. घरंदाज म्हणविणाऱ्यांनीं दारें लावून घेतलीं, कीं पडद्यावरची पहिली वाट अल्पसंख्य समाजांतील मुलींना चालावी लागते. ईजिप्तमध्येंहि फेरूझ, नेली, लेबलेबा या आर्मेनियन कुळांतील मुली बालवयांतच पडद्यावर आल्या. आपल्याकडे खोटे हें आडनांव आल्यावर लोक जरा वरमले, एवढेंच. ज्या आधीं आल्या, त्या कांहीं कमी कुलीन नव्हत्या.

त्या काळीं नटनटी एकाच कंपनीच्या पगारी नोकर असत. दुर्गाबाईंनीं हें बंधन मानलें नाहीं. कोल्हापूर झालें, कीं कलकत्ता. ‘राजरानी मीरा’ (१९३३) व ‘सीता’ (१९३४) ही चित्रें देवकी बोस यांच्या हाताखालीं त्यांनीं तेथेंच केलीं. ऐन तारुण्यांत वैधव्य आलें, तरी काम थांबलें नाहीं. १९३६ सालच्या ‘अमरज्योति’मधील सौदामिनी तर चांचे लोकांची नायिका! अन्यायाचा सूड म्हणून पुरुषजातीविरुद्ध शस्त्र उगारणारी ही स्त्री आजहि पाहावी.

मात्र आपल्यासारख्या एकत्र कुटुंबांतील वाचकांना अधिक जवळचें वाटावें असें चित्र आचार्य अत्रे यांचें ‘पायाची दासी’ (१९४१). त्यांत दुर्गाबाई नायिका नव्हत्या. सुनेचा छळ करणारी सासू होत्या. वय अवघें छत्तीस! या वयांत आपण होऊन नायिकेचें सिंहासन सोडून खाष्ट सासूचें आसन पत्करणें ही गोष्ट सोपी नव्हे, आणि माझ्या मतें त्यांच्या दीर्घ कारकीर्दीचें खरें रहस्य तेथेंच आहे. पुढल्याच वर्षीं ‘भरत मिलाप’मध्यें त्या कैकेयी झाल्या. तारामती आणि सीता केल्यावर कैकेयी! ‘मोगल-ए-आझम’ (१९६०) मधील जोधाबाई, पति आणि पुत्र यांच्यामध्यें कात्रींत सांपडलेली, ही तर पुष्कळांच्या स्मरणांत असेल. १९७३ सालच्या ‘बॉबी’ंत त्या नायिकेच्या आजी होत्या, आणि ‘बिदाई’साठीं त्यांना फिल्मफेअरचें पारितोषिक मिळालें.

रंगभूमीशींहि त्यांचा संबंध तुटला नाहीं. साहित्य संघाच्या ‘भाऊबंदकी’ंत त्यांची आनंदीबाई गाजली. नानासाहेब फाटक आणि आपल्या रत्नागिरी जिल्ह्याचे केशवराव दाते यांच्यासारख्या मुरब्बी नटांच्या पंक्तींत त्या बसल्या. शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’मध्यें त्या लेडी मॅकबेथच्या वळणाची भूमिका करीत.

१९६८ सालीं पद्मश्री आणि १९८३ सालीं दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. ज्या फाळक्यांना तारामती मिळाली नाहीं, त्यांच्याच नांवाचा हा मान. तोंवर बाईंनीं चित्रनिर्मितीचाहि व्यवसाय जमविला होता. १९८८ सालीं दूरदर्शनवर घरोघर पाहिली गेलेली ‘वागळे की दुनिया’ ही मालिका त्यांच्याच संस्थेची. तरुण मुलाच्या मृत्यूचें दुःखहि त्यांनीं या धामधुमींतच सोसलें. २२ सप्टेंबर १९९१ रोजीं त्या निवर्तल्या. ‘मी, दुर्गा खोटे’ हें त्यांचें आत्मचरित्र १९८२ सालीं निघालें. घरांतील मुलींच्या हातीं तें अवश्य द्यावें, आणि त्याआधीं सासूबाईंनीं स्वतः वाचावें.